बिनआवाजाची अठरा मिनिटं

आठ दिवसांपूर्वी कूलर बाहेर काढला. नागपुरात एवढं म्हटलं की पुरे, उन्हाळा आला हे वेगळं सांगावं लागत नाही. जरीपटक्याच्या बाजारातून खसच्या नव्या ताट्या आणल्या, पत्र्याची ती दांडगी पेटी खिडकीला टेकवली, आत पाणी सोडलं आणि बटण दाबलं. आधी पंखा घरघरला, मग ताट्यांवरून पाणी निथळायला लागलं, मग खोलीभर ओल्या गवताचा वास पसरला. आमचा कूलर जुना आहे. तो चालू झाला की घरात कुणाचं बोलणं कुणाला ऐकू येत नाही. साधं पाणी मागायचं तर ओरडावं लागतं, आणि ओरडून मागितलेलं पाणी भांडण काढल्यासारखं वाटतं. म्हणून उन्हाळाभर आमच्याकडे लोक कमी बोलतात.

आई मात्र खूश असते. कूलर लागला की ती खाट त्याच्यासमोर ओढते, डोळे मिटते, आणि तिच्या चेहऱ्यावर अशी काही शांती उतरते की विचारू नका. बावीस वर्षं बुटीबोरीच्या सूतगिरणीत काढलेली बाई ती. घर गप्प असलं की तिला करमत नाही. रिटायर होऊन घरी बसली तेव्हा पहिले काही दिवस ती उगाचच मिक्सर लावायची.

मला त्या घरघरीनं तीन वर्षं मागे नेलं. तोही असाच उन्हाळा, मे महिना. मी सिनेमा शिकून परत आले होते, डोक्यात हवा होती आणि मला एक फिल्म करायची होती. गोष्ट नसलेली, माणसं नसलेली, आवाजसुद्धा नसलेली. फक्त यंत्रं.

"म्हणजे त्यात होते काय?" शालूमावशीनं विचारलं होतं. शालूमावशी म्हणजे आईची गिरणीतली मैत्रीण. मागच्या गल्लीत राहते, आणि स्वतःच्या घरापेक्षा आमच्या घरात जास्त असते.

"काही होत नाही, मावशी. यंत्रं चालतात. ते सुंदर दिसतं."

मावशी आईकडे वळली. "आई गं बाप्पा! इतकी वर्षं आपण सुंदर गोष्ट पाहून राहिलो होतो वं. आपल्याले कोणी सांगतलंच नाही."

दोघी खूप हसल्या. मी रुसले.

तेव्हा दोघींची नोकरी चालू होती. आईनं कुणाकुणाला सांगून मला गिरणीत पाच दिवस मिळवून दिले. सकाळी कंपनीच्या बसमधून तिच्याबरोबर जायचे. बाहेर सातलाच ऊन डोळ्यांना टोचायचं आणि आत पाऊल टाकलं की दमट, पांढरट उजेड. कोरड्या हवेत सूत तुटतं, म्हणून गिरणीत पाण्याचे बारीक फवारे सोडतात. ते फवारे, छताच्या काचांतून उतरणारा उजेड आणि हवेत तरंगणारी कापसाची तुसं, सगळ्याचं मिळून असं धुकं व्हायचं की कॅमेरा लावायचंच मी विसरायचे. नुसती उभी राहायचे. माझ्या पापण्यांवर कापूस बसायचा.

काय काय पाहिलं तिथं! एका यंत्रातून कापसाचा पापुद्रा बाहेर यायचा, दुधावरच्या सायीइतका पातळ, पलीकडचा दिवा त्यातून दिसायचा. तो गोळा होऊन त्याचा अंगठ्याएवढा मऊ पेळू व्हायचा आणि उंच डब्यात वेटोळी घालत उतरत राहायचा. ते उतरणं पाहता पाहता डोळे जड व्हायचे. आणि रिंग फ्रेम! रिंग फ्रेम म्हणजे सूत कातायचं लांबच लांब यंत्र. दोन्ही अंगांना शेकडो चात्या, प्रत्येक चातीवर एक बॉबिन, आणि प्रत्येक बॉबिन इतक्या वेगानं फिरणारं की ते थांबलंय असंच वाटावं. वरून धागे उतरायचे, पावशेर उजेड आणि बाकी सूत अशी त्यांची रांग. बॉबिनांची पोटं हळूहळू भरत जायची. तासभर काही घडायचं नाही, आणि तो तास मी श्वास रोखून पाहायचे.

यंत्राचं एक बरं असतं. त्याच्याकडे कितीही टक लावून पाहा, ते संकोचत नाही. केस सारखे करत नाही, कॅमेऱ्याकडे बघून हसत नाही. माणसाकडे असं पाहिलं तर ते विचारतं, काय झालं? यंत्र काही विचारत नाही. तेच ते, तेच ते करत राहतं, आणि पाहता पाहता लोखंडाचं लोखंडपण कुठंतरी विरघळतं. उरते फक्त लय. मला अजूनही हे खरं वाटतं. माझं चुकलं ते दुसरीकडेच.

माणसं मध्ये यायची ना! धागा तुटला की एखादी बाई झपझप यायची, दोन बोटांत तुटलेलं टोक पकडायची, जोडायची, निघून जायची. मी वैतागायचे. "मावशी, जरा बाजूला." "ताई, पाच मिनिटं थांबता का?" आणि एकदा, "आई, तुझा हात येतोय मध्ये."

आईनं हात मागे घेतला. दोन पावलं सरकून म्हणाली, "इथं उभी राहू का? आता दिसून राहिली का मी?"

"नाही दिसत. छान."

ती मान डोलावून तशीच उभी राहिली. भिंतीला टेकून, अंग चोरून. हे आठवलं की आता मला स्वतःला दोन ठेवून द्याव्याशा वाटतात.

फिल्म झाली. अठरा मिनिटांची, आवाजाशिवायची. दोन-चार शहरांत दाखवली. एका ठिकाणी दाढीवाले एक गृहस्थ उठून म्हणाले, यात माणसाच्या अनुपस्थितीचं सौंदर्य आहे. मी गंभीर चेहरा करून मान हलवली. घरी येऊन कौतुकानं सांगितलं, तर शालूमावशी उसळलीच. "अनुपस्थिती कायची? हजेरी लागली होती आमची! कार्ड पंच करून गेलो होतो."

आईला फिल्म मी मोबाइलवर दाखवली होती, तेवढ्या चिमुकल्या पडद्यावर. चष्मा नाकावर ढकलत तिनं पाहिली, म्हणाली, "छान आहे. पण आवाज कुठं गेला?" तेव्हा तिला आवाज होता. मोठा, खणखणीत, गिरणीत राहून राहून चढलेला. बाजारात भाजीवाल्याशी बोलली तरी चार माणसं वळून पाहायची. मला लाज वाटायची त्याची.

गेल्या दिवाळीनंतर तिच्या घशाचं ऑपरेशन झालं. धंतोलीतल्या दवाखान्यात. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढलं, आणि गळ्याशी श्वासासाठी एक छोटं भोक ठेवलं. त्यावर ती आता पांढरा सुती रुमाल बांधते. जीव वाचला. आवाज गेला.

तिसऱ्या दिवशी शालूमावशी भेटायला आली. मी नवीकोरी पाटी घेऊन खाटेशी बसले होते. आईनं लिहावं, मी वाचावं, अशी सगळी तयारी. मावशी दारातूनच ओठ हलवत आत आली. आईनं ओठ हलवले. आणि पुढचा अर्धा तास त्या दोघी गप्पा मारत होत्या! बिनआवाजाच्या. मध्येच मावशीनं कपाळाला हात लावला, मध्येच आई खांदे हलवत हसली. मी पाटी मांडीवर घेऊन नुसती बघत होते.

मला हे ठाऊक नव्हतं असं नाही. गिरणीत तो आवाज, कानात ओरडलं तरी ऐकू येत नाही, त्यामुळे बायका ओठांनी बोलतात. आवाज काढतच नाहीत. चार यंत्रांपलीकडच्या बाईला घरची सगळी हकिगत सांगतात. तोंडाला कापसासाठी फडकं बांधलेलं असतं, बोलायचं असलं की एका बोटानं ते खाली ओढायचं, बोलायचं, परत वर. बसमध्येही त्या तशाच बोलायच्या, सवयीनं. घरी लाईट गेली की दोघी पटकन गप्प व्हायच्या. मी विचारलं, काय झालं? तर मावशी म्हणे, "अंधारात ऐकू नाही येत वं." आणि उन्हाळ्यात आमच्या नागपूरच्या मुली सगळं तोंड ओढणीत गुंडाळून गाडीवर हिंडतात, फक्त डोळे उघडे. एकदा अशी एक मुलगी दारात पत्ता विचारत होती, चांगली ओरडून विचारत होती, आणि मावशी तिलाच म्हणाली, "आधी तोंड सोड बाई, मले काहीच ऐकू नाही येऊन राहिलं." उन्हाळाभर या दोघींना अर्धं नागपूर मुकं वाटायचं.

तर हे सगळं मी गमतीनं सांगत आले होते, चारचौघांत, वर्षानुवर्षं. शिकले मात्र नव्हते. मी पाहण्याचं शिक्षण घेतलेली बाई. उजेड कुठून येतो, धागा कुठं थरथरतो, सगळं मला दिसायचं. माझ्या आईच्या तोंडातले शब्द तेवढे दिसत नव्हते.

मला राग आला. खरं सांगते, आईचाच आला. मावशीशी एवढं बोलते आणि माझ्याशी पाटीवर 'चा'. 'गोळी'. 'लाईट'. आई सहावीपर्यंत शिकलेली, लिहायचा तिला कंटाळा. पाटीवर माणूस मागू शकतं, गप्पा नाही मारू शकत. टोमणा लिहून दाखवता येतो का कुणाला? आणि आई म्हणजे निम्मी टोमणेच. हळूहळू तिनं पाटी उचलणंच सोडलं. काही हवं असलं की बोट दाखवायची. एके दिवशी मी रागानं म्हटलं, "तू माझ्याशी बोलतच नाहीस." ती माझ्याकडे वळली. मग काहीतरी म्हणाली, तिच्या पद्धतीनं. मला कळलं नाही. तिनं परत म्हटलं. मी पाटी पुढे केली. तिनं ती घेतली नाही आणि तोंड भिंतीकडे केलं.

त्या दिवशी मला भीती वाटली. आपण एकाच घरात राहू, चहा करू, औषधं देऊ, आणि ही बाई आता मला आयुष्यात काही सांगणार नाही.

आठ दिवसांपूर्वी कूलर लागला, दुपारची वेळ, पडदे ओढलेले. मावशी आईच्या पायाशी बसून खरबूज चिरत होती. एकदम मोठ्यानं ओरडली, "ए पोट्टी, थे तुही सुंदर गोष्ट दाखव नं आज. मोठी करून दाखव." मित्राचा प्रोजेक्टर घरात पडलेलाच होता. भिंतीवर पांढरी चादर ताणली आणि लावली फिल्म.

मी ती किती वेळा पाहिली असेन. पण ओल्या गवताचा वास, दमट हवा आणि कूलरची ती घरघर यांच्यात पहिल्यांदाच पाहत होते. चादर वाऱ्यानं हलत होती, त्यामुळे रिंग फ्रेमचे सगळे धागे हलत होते. वाटलं, आपण तिघी त्याच शेडमध्ये बसलोय. आईचे डोळे अर्धे मिटलेले, मान जराशी डुलत होती. मला फार बरं वाटलं. तेवढ्यात मावशी फिस्सकन हसली.

"काय झालं?"

"रंजना पाह्य, रंजना! सुपरवायझरले कशा शिव्या देऊन राहिली!"

कुठली रंजना? मग मला दिसली. कोपऱ्यात, खांबाआड, एक बारकासा चेहरा. ती काहीतरी चघळतेय असं मला तीन वर्षं वाटत होतं. पुढे दोघी हसायच्याच राहिल्या. कुणाच्या सुनेबद्दल कुणी काय म्हटलं, कुणी डब्यात काय आणलं, कुणाला पोट दुखत होतं. मी बाजूला सारलेल्या बायका कडेकडेनं, यंत्रांच्या फटींतून, धाग्यांआडून सारख्या बोलत होत्या. माझी बिनआवाजाची फिल्म नुसती कलकलत होती, आणि ऐकू येत नव्हती ती फक्त मला.

मग तो शॉट आला. माझा लाडका. आधी जवळचे धागे, अगदी स्पष्ट, एकेक पीळ मोजावा असे. मग हळूहळू ते पुसट होत जातात, पडद्यावर नुसता पांढरा थरकाप उरतो, आणि त्यापलीकडे, खोलवर, काहीतरी स्पष्ट होत जातं. ते पुसट होणं जमावं म्हणून मी सकाळपासून दुपारपर्यंत एकाच जागी उभी होते. पलीकडे काय स्पष्ट झालं हे मी कधी नीट पाहिलंच नव्हतं. पलीकडे आई होती. तिनं एका बोटानं तोंडावरचं फडकं खाली ओढलं. इतके दिवस मी समजत होते, कुणीतरी बाई घाम पुसतेय. तिचे ओठ हलले. थांबले. परत हलले. फडकं वर गेलं.

मावशीचं हसू थांबलं. तिनं आईकडे पाहिलं. आई मांडीवरचं खरबुजाचं बी उचलत होती.

"काय म्हणाली आई?" मी ओरडले.

"नाई सांगत."

"मावशी!"

"मलेच म्हणून राहिली होती थे. माह्यी पाठ हाय पाह्य तिथं. पण गोष्ट तुही आहे. फिलीम तू काढली नं? मंग वाच तूच."

मी आईपुढे पाटी धरली. तिनं सावकाश, मोठ्या अक्षरात लिहिलं, 'आठवत नाही'. आणि गालातल्या गालात हसली. साफ खोटं!

तेव्हापासून रोज दुपारी शिकवणी. कूलर फुल, पडदे ओढलेले, आई खाटेवर आणि मावशी मास्तरीण. पहिल्या दिवशी मला एकच शब्द आला, 'जयभीम'. तो तर या दोघींच्या तोंडी मी लहानपणापासून पाहत आले होते. बाकी सगळा आनंद. आईनं भाजी म्हटलं की मी पाणी आणायचे. आई कपाळावर हात मारून घ्यायची. मी ओठांकडे डोळे फाडून बघत बसायचे आणि जितकं बघावं तितकं कमी कळायचं.

"ओठ काहून पाहतं?" मावशी शेवटी वैतागली. "एकेका धाग्याले पाहत बसलो असतो, तर झाली असती आमची ड्यूटी! समोर एवढी मोठी लाईन रायते. कोण्या एका धाग्याकडे नाई पाहाचं. सगळ्या लाईनीकडे पाहाचं, ढिल्ल्या डोयानं. तुटला का तो आपोआप दिसते. तसं चेहरा पाह्य. अख्खा."

ढिल्ल्या डोळ्यांनी. मला हे कुणी शिकवलं नव्हतं. मी दोन दिवस तसंच पाहत राहिले, खरं तर पाहणं सोडूनच दिलं, नुसती आईसमोर बसले. तिची हनुवटी, भुवया, गालाला पडणारी ती एक घडी. 'आणि काय' म्हणताना मान किंचित डावीकडे जाते. चिडली की खालचा ओठ आधी निघतो. ही बाई इतकी वर्षं माझ्यासमोर होती, आणि मी तिला पहिल्यांदा पाहत होते. तिसऱ्या दिवशी तिनं मला टोमणा मारला, माझ्या केसांवरून, आणि मला तो कळला. मी उलट उत्तरसुद्धा दिलं. दोघी इतक्या हसलो की गळ्यावरचा रुमाल सरकला तिचा, मी तो नीट केला.

आज दुपारी मावशी आली नव्हती, आई खाटेवर डोळे मिटून पडली होती. मी चादर ताणली, तोच शॉट लावला. धागे स्पष्ट होते, मग पुसट झाले. मी धाग्यांकडे पाहिलं नाही. आई बोटानं फडकं खाली ओढत होती. पहिल्यांदा निसटलं. परत लावलं. पाचव्यांदा लावलं तेव्हा ते आलं, सरळ, कुणी कानात म्हणावं तसं. आवाजासकट आलं. तिच्या त्या मोठ्या, मला लाज वाटणाऱ्या आवाजात.

"पोट्टीनं सकायपासून काही खाल्लं नाही वं. मशीनच पाहून राहिली."

मग ती थांबते. मावशीची पाठ जराशी हलते, ती काहीतरी विचारत असावी. आई मान हलवते.

"राहू दे. पाहू दे तिले. मी आहो नं तिच्याकडे पाहाले."

फडकं वर जातं. पडदा परत धाग्यांचा होतो.

मी प्रोजेक्टर बंद केला. कूलर चालू होता, पाणी ताट्यांवरून निथळत होतं. मी वळून पाहिलं तर आई जागीच होती, आणि मी काय पाहिलं, किती वेळा पाहिलं, सगळं तिनं पाहिलं होतं. मला रडू आलं. मी हाका मारल्या नाहीत, ओरडले नाही, पाटीही शोधली नाही. आवाज न काढता, नुसत्या ओठांनी म्हटलं, "आई, भूक लागली."

ती लगेच उठली.